शालीखालचा हात

पडद्यावर मी अकरा मुलं पुरली, सहा तुरुंगात धाडली आणि एकाला तर माझ्या हाताने विष दिलं. प्रत्यक्षात मला मूलबाळ नाही. नवरा होता, तो एका शिंपिणीबरोबर जेनोव्हाला पळाला. देव त्याला तिथेच सुखी ठेवो. चौतिसाव्या वर्षी चित्रपट काढणाऱ्या डॉन चीचोने माझ्या केसांना पीठ चोपडलं आणि मला आई करून टाकलं. तेव्हापासून नेपल्सच्या निम्म्या चित्रपटांत खिडकीत उभी राहून रडणारी जी बाई असते, ती मी. एर्सीलिया. लोक रस्त्यात थांबवून माझे हात धरायचे. भाजीवाली दोन कांदे जास्त घालायची आणि म्हणायची, "घे गं बाई, तुला धंद्याला लागतात."

धंद्याला मला कांदा कधीच लागला नाही. डॉन चीचोने "रड" म्हटलं की मी रडायचे, "पुरे" म्हटलं की थांबायचे. मला त्याचा गर्व होता. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे जे झालं त्याचं खापर फोडायला मी दहा डोकी शोधली आणि शेवटी माझंच सापडलं.

डॉन चीचोचा स्टुडिओ म्हणजे चौथ्या मजल्यावरची गच्ची. वर पांढऱ्या चादरी ताणलेल्या, त्यातून ऊन गाळून घ्यायचं. खालच्या खोलीत त्याची बायको भिंग लावून फिल्मच्या एकेका चौकटीत बारीक कुंचल्याने रंग भरत बसलेली. आठवड्याला एक रडकं नाटक आम्ही पाडायचोच, पण चूल पेटायची ती अमेरिकेला गेलेल्यांच्या चित्रांवर. तिकडचा कुणी गवंडी, कुणी न्हावी पत्र पाठवायचा: आमच्या गावी जा, चर्च काढा, विहीर काढा, आमचं दार काढा आणि दारात आई उभी करा. डॉन चीचो कॅमेरा खेचरावर लादून जायचा. तीन मिनिटांचं चित्र. ते बोटीने ब्रुकलिनला जायचं आणि तिथल्या एका हॉलमध्ये शंभर पुरुष टोप्या काढून ते बघायचे. दुसऱ्याची आई असली तरी रडायचे म्हणे.

१९१४ च्या एप्रिलमध्ये असंच एक पत्र आलं. रोक्कापियाना गावचा सावेरियो. त्या गावचा तिकडे तो एकटाच. भुयारं खणायच्या कामावर होता, हिवाळ्यात छातीच्या दुखण्यातून कसाबसा उठला होता. बाकी लोक चार पानं मागण्या लिहायचे, याने दोन ओळी लिहिल्या होत्या. 'आईला त्रास देऊ नका. नुसती दारात उभी राहू दे.'

चित्राचं त्याने बहिणीलाही कळवलं असावं, कारण पत्राच्या मागोमाग चार दिवसांनी ती स्वतःच गच्चीवर येऊन धडकली. मिकेलीना. बावीस वर्षांची, काळ्या कपड्यांतली, चार जिने चढून धापा टाकत होती.

"चित्र काढायला येऊ नका," ती म्हणाली.

"का गं पोरी?" डॉन चीचोने विचारलं. "आईला लाज वाटते? सगळ्याच लाजतात. कॅमेरा दिसला की मग हलत नाहीत."

"आई नाहीये."

"कधी येईल?"

"जानेवारीत गेली ती. ताप आला, पाच दिवसांत गेली."

डॉन चीचोने टोपी काढली. मी क्रुसाची खूण केली. मग मी विचारलं, "आणि भावाला कळवलं नाहीस?"

मला विचारायचं कारणच नव्हतं. वाईट बातमी समुद्रापार एकदम पाठवायची नाही, ही आमच्याकडची रीत. आधी लिहायचं की खोकला झालाय. मग लिहायचं की अंथरुण धरलंय. मग लिहायचं की पाद्रीबाबा येऊन गेले. माणूस मातीत जाऊन वर्ष झालं तरी पत्रांतून खोकत असतो. मिकेलीनाने पहिलं खोकल्याचं पत्र लिहायला घेतलं आणि नेमकं तेव्हाच भावाच्या दुखण्याचं कळलं. मग तिने लिहिलं, आई बरी आहे. पुढच्या महिन्यातही तेच लिहिलं. एकदा मेलेलं माणूस जिवंत ठेवलं की मारायचा मुहूर्त सापडत नाही.

डॉन चीचो मात्र माझ्याकडे बघत होता. बैलबाजारात बघतात तसा.

"उंची किती होती आईची?" त्याने विचारलं.

"डॉन चीचो," मी म्हटलं, "जीभ आवरा."

"मी फक्त उंची विचारली."

"मेलेल्या बाईचं सोंग घेऊ? मला मरायचंय का?"

"पडद्यावर तू तीनदा मेलीस की! काय झालं? जाडच झालीस."

मिकेलीना आमच्या दोघांकडे आळीपाळीने बघत राहिली. आधी तिचा चेहरा भीतीने पांढरा पडला होता, मग हळूहळू तिथे दुसरंच काहीतरी आलं. "एवढीच होती," ती म्हणाली. "चालायचीही अशीच, जरा उजवीकडे कलून. दोन्ना एर्सीलिया, एकदाच. दादाला एकदा बघू दे. त्याची छाती सुधारली की उन्हाळ्यात मी खोकल्यापासून सुरुवात करीन."

मी हो म्हटलं. पोरीची दया आली म्हणून, असं मी पुष्कळ वर्षं सांगत आले. दया आली होतीच. पण त्याहून मोठं कारण वेगळं होतं. सख्ख्या मुलाने बघावं आणि त्याला आपली आईच वाटावी, अशी भूमिका कुठल्या नटीला मिळते?

नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्नं, तसं झालं. खेचर लंगडलं, दोन दिवस ढग हटेनात, आणि फिल्मचा एक डबा वाटेत ओढ्यात पडला. उरला एकच. म्हणजे चर्च, विहीर, गल्ली सगळं उरकून दारातल्या आईला जेमतेम एक मिनिट. चुकलं तर पुन्हा घेणे नाही.

मिकेलीनाने मला आईचा काळा झगा घातला. कानात तिच्या कुड्या घातल्या, आणि डोक्यावरून काळी लोकरीची शाल, चेहरा सावलीत राहील अशी पुढे ओढून. शालीला चुलीच्या धुराचा वास होता. माझ्या अंगावर काटा आला, तो मी लपवला नाही.

"एक सांगायचंय," मिकेलीना म्हणाली. डॉन चीचो बाहेर कॅमेऱ्याचे पाय रोवत होता, तरी तिने दार लोटून घेतलं. "हात बाहेर काढू नका. दोन्ही शालीखाली ठेवा. ती तशीच उभी राहायची."

"का?"

तिने दाराच्या चौकटीला बोट लावलं. मग तुकड्या-तुकड्यांनी सांगितलं. आठ वर्षांपूर्वी सावेरियो जायला निघाला तेव्हा आई या दारात आडवी उभी राहिली. मला ओलांडून जा म्हणाली. दोघंही एकाच पिठाची भाकरी. कुणी मागे हटेना. त्याने तिला बाजूला सारलं आणि रागाच्या भरात दार आपटलं. तिचा उजवा हात चौकटीत होता. तीन बोटं चिरडली. तो त्याच पहाटे निघून गेला, आणि हात पुढे कधी उघडलाच नाही. कोंबडीच्या पायासारखा मिटलेला राहिला, एवढं तिने भावाला पत्रातून कळवलं होतं. आईने पुन्हा कधी कणीक तिंबली नाही.

"तिने त्याला माफ केलं होतं?" मी विचारलं.

"त्याचं नाव घ्यायची नाही," मिकेलीना म्हणाली. "पण संध्याकाळ झाली की इथे दारात उभी राहायची, रस्त्याकडे तोंड करून. आम्ही दोघी त्यावर कधी बोललो नाही." ती आणखी काही सांगणार होती. तोंड उघडलं होतं तिने. पण बाहेरून डॉन चीचो ओरडला की ढग सरकलाय, चला.

मी दारात उभी राहिले. हात शालीखाली. डॉन चीचो हँडल फिरवू लागला. मी रस्त्याकडे बघत होते आणि खरंच सांगते, सुरुवातीला मी काहीही करत नव्हते. नुसती उभी होते. आयुष्यात पहिल्यांदा कॅमेऱ्यापुढे मी काहीही करत नव्हते, आणि ते बरोबर चाललं होतं.

पण डॉन चीचोला ते कसं सहन व्हावं! हाताचं त्याला काही माहीत नव्हतं. "एर्सीलिया!" तो हँडल न थांबवता ओरडला. "खांबासारखी काय उभी आहेस? फिल्म संपत आली! पोरगा सात समुद्रापार आहे, आशीर्वाद दे त्याला!"

आणि माझा हात उठला. उजवा. माझी इतक्या चित्रपटांची सवय त्या हातात होती. आशीर्वाद म्हटलं की उजवाच उठतो, आमच्यात डाव्या हाताने कुणी मांजरालाही आशीर्वाद देत नाही. शाल बाजूला सरली, हात उन्हात आला, बोटं एकेक करून उघडली आणि मी सावकाश, अगदी सावकाश, हवेत क्रूस काढला. तोंडाने म्हटलं, "पोरा, माझ्या पोरा." आणि माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. कुणी "रड" म्हटलं नव्हतं.

हँडल थांबलं. डॉन चीचोने कपाळावरचा घाम पुसला. "बाई," तो म्हणाला, "आजवर मी पुष्कळ आया पाहिल्या. अशी पाहिली नाही."

मिकेलीना विहिरीच्या कठड्याला धरून उभी होती. "तो भाग कापून टाका," ती म्हणाली. "हाताचा भाग कापा."

"कापू? अगं, चित्र म्हणजे तेवढंच तर आहे!"

"दोन्ना एर्सीलिया, तुम्ही सांगा ना त्यांना."

मी सांगू शकले असते. डॉन चीचो माझं ऐकायचा, कारण माझ्याशिवाय त्याच्याकडे रडणारं कुणी नव्हतं. हाताची गोष्ट मी त्याला चार वाक्यांत सांगितली असती, तर त्याने कुरकुरत कात्री चालवली असती. पण मी आयुष्यात केलेलं ते सगळ्यांत चांगलं काम होतं. मला माहीत होतं ते. मी मिकेलीनाच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हटलं, "पोरी, इतक्या लांबून त्याला काय दिसणार? हलतं, थरथरतं चित्र. आईने आशीर्वाद दिला एवढंच कळेल. त्याला बरं वाटेल."

तिने माझा हात खांद्यावरून काढला. तरी पोरगी साधी. मी शहरातली, मला जास्त कळतं असं तिला वाटलं. डॉन चीचोच्या बायकोने खिडकीतल्या फुलांना लाल रंग भरला आणि जूनमध्ये डबा बोटीवर चढला.

सप्टेंबरात मिकेलीना पुन्हा चार जिने चढून आली. हातात भावाचं पत्र होतं. तिला वाचता येत होतं, तरी तिने ते मला मोठ्याने वाचायला लावलं. शिक्षाच ती.

सावेरियोने लिहिलं होतं: 'बहिणी, हॉल भरलेला होता. आमचं दार आलं आणि मी डोळे मिटून घेतले. मग उघडले. आईने हात बाहेर काढला. तोच हात, मिकेलीना. सगळी बोटं उघडली. मी खुर्चीवर उभा राहून ओरडलो, हात बघा, हात बघा. कुणाला काही कळेना. मग मी सगळ्यांसमोर सांगितलं, आठ वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं ते. लोक गुडघ्यांवर बसले. ते चित्र तीन वेळा लावायला लागलं. तू मला का कळवलं नाहीस की मरियामातेने हात बरा केला? आईने कळवू नकोस म्हटलं असेल, मला स्वतःच दाखवायचा असेल. मी नवसाचा चांदीचा हात करायला टाकलाय, आईच्या हाताएवढा. छाती सुधारली की पुढच्या वर्षी, उन्हाळ्यानंतर, घेऊन येतो. आपल्या चर्चमध्ये आईच्या हातून वाहू.'

वाचून झाल्यावर मी पत्राची घडी घालून तिला परत दिलं.

"चेहरा दुसरीचा आहे हे ओळखलं नाही त्याने," मी म्हटलं. मूर्खासारखं. इतकं होऊनही मला तेवढंच सुचलं, आणि तेही, लाज वाटते सांगायला, थोडं आनंदाने.

"मी त्याला खरं लिहिते," मिकेलीना म्हणाली. "आजच लिहिते."

"काय लिहिशील? की आशीर्वाद एका नटीने दिला? त्याने शंभर माणसांसमोर पोटातलं ओकलंय. त्याचं तोंड काय राहील तिथे?"

"मग काय करू? तुम्हीच सांगा. तुम्हाला सगळं कळतं ना!"

आणि मी सांगितलं. तरीही सांगितलंच. म्हटलं, रीतीप्रमाणे कर. ऑक्टोबरात खोकला लिही. डिसेंबरात अंथरुण धरलं लिही. वसंतात पाद्रीबाबा. तो उन्हाळ्यानंतर येईल तोवर आई रीतसर गेलेली असेल, आणि आशीर्वाद तेवढा त्याच्यापाशी राहील. कुणाचं काय बिघडलं?

डॉन चीचोच्या बायकोने मिकेलीनाला कॉफी दिली, ती तशीच गार झाली. "आशीर्वाद राहील," ती शेवटी म्हणाली. "बरं."

आगीतून उठवून मी तिला फुफाट्यात बसवलं. खोकल्याचं पत्र गेलं. अंथरुणाचं पत्र गेलं. आईच्या आजाराचं कळल्यावर मुलगा तिकडे उन्हाळ्याची वाट बघत बसेल, असं मला का वाटलं कोण जाणे! मी सतराशे आया केल्या, पण मुलगा कधी झाले नव्हते ना. सावेरियोने अवजारं विकली, अजून खोकत होता तरी बोट पकडली. आई जिवंत भेटावी म्हणून निघाला. पाद्रीबाबांचं पत्रही त्याच सुमाराला बोटीवर चढलं. समुद्रात कुठेतरी दोघं एकमेकांना ओलांडून गेले.

१९१५ च्या मार्चमध्ये तो गावी पोचला. मिकेलीनाने त्याला दारातच सांगितलं की आई गेली. ती पुढचं बोलायच्या आत तो दफनभूमीत गेला, आणि तिथे लाकडी क्रुसावर तारीख होती. जानेवारी १९१४. त्याने बोटांवर महिने मोजले. चित्र एप्रिलचं.

हे सगळं मला त्याच्याच तोंडून कळलं. मे महिन्याची अखेर होती. इटली लढाईत उतरून आठवडा झाला होता, गल्लीत झेंडे लागले होते आणि बँड वाजत होते. गच्चीवर मी आणखी एक मुलगा पुरत होते. हा लढाईत मेलेला, आता तसलीच नाटकं चालणार होती. रडता रडता मला जिन्याच्या तोंडाशी एक शिपाई उभा दिसला. नवा गणवेश, बाह्या लांब, टोपी हातात. मला वाटलं, डॉन चीचोने कुणी नट बोलावला असेल. चित्र घेऊन होईपर्यंत तो हलला नाही. मग माझ्यासमोर आला आणि माझ्या तोंडाकडे न बघता हातांकडे बघत राहिला.

"तुम्हीच ना त्या?" तो म्हणाला.

चेहऱ्यावरचं पीठ पुसायचंही मला सुचलं नाही. "मीच," मी म्हटलं. "बस."

"बसत नाही. सोमवारी गाडी आहे, उत्तरेला. बंदरावर उतरलो त्याच दिवशी कागद लिहून घेतले लष्करवाल्यांनी. आलेल्याला सोडत नाहीत आता."

म्हणजे तो आला नसता तर गेलाही नसता. हे त्याने म्हटलं नाही. मला हिशेब कळत होता.

"शिव्या दे मला," मी म्हटलं. "दे, मोकळा हो."

"तेवढ्यासाठी नाही आलो." त्याला खोकला आला, तो थांबेपर्यंत तो भिंतीला टेकला. "मी चेहरा पाहिलाच नाही, बाई. तुम्ही माझी आई नव्हता हे लहान पोरानेही ओळखलं असतं. मी शालीकडेच बघत होतो. हात आत आहे, दुखत असेल का, एवढंच मनात होतं. आणि तुम्ही तो काढून दाखवलात."

"डॉन चीचो ओरडले. हात सवयीने उठला."

"मिकेलीनाने सांगितलं. सगळं सांगितलं. तुम्हाला न सांगितलेलंही सांगितलं." टोपी त्याच्या हातात गोल गोल फिरत होती. "आई रोज संध्याकाळी दारात उभी राहून आशीर्वाद द्यायची. मला. पण डाव्या हाताने, उजवा होता कुठे? पाद्रीबाबांनी पाहिलं एकदा. म्हणाले, डाव्या हाताचा लागत नाही, उलटा लागतो, पोराचं वाटोळं करशील. तेव्हापासून तिने हात बाहेर काढला नाही. शालीच्या आत द्यायची. मिकेलीनाला शाल हललेली दिसायची. भीती वाटायची तिला, म्हणून मला कधी लिहिलं नाही. उलटा लागेल म्हणून."

मला ती दारातली मिकेलीना आठवली, तोंड उघडलेली. आणि ढग सरकलाय म्हणून ओरडणारा डॉन चीचो. मी थांबून ऐकून घ्यायला हवं होतं. एक ढग गेला असता तर गेला असता.

"तू काहीच मागितलं नव्हतंस," मी म्हटलं. "दोनच ओळी होत्या तुझ्या."

"नुसती उभी राहिलेली पुरली असती मला," तो म्हणाला. "हात आत घेऊन नुसती उभी. तेवढंच तर तिचं खरं होतं."

त्याने खिशातून रुमालात गुंडाळलेलं काहीतरी काढलं आणि पुरण्याच्या नाटकासाठी मांडलेल्या शवपेटीवर ठेवलं. चांदीचा हात. उजवा, पाचही बोटं सरळ, नखं सुद्धा कोरलेली.

"हा मरियामातेला कशाबद्दल वाहू?" तो म्हणाला. "बरा हात तुमचा होता. तुम्हीच ठेवा."

मी काहीतरी बोलणार होते. आशीर्वाद देऊ का, असं विचारणार होते. देवाने तेवढी तरी अक्कल दिली, मी तोंड मिटलं. तो जिना उतरून गेला. प्रत्येक मजल्यावर त्याचा खोकला ऐकू येत होता.

तो परत आला नाही. हिवाळा सुरू व्हायच्या आत मिकेलीनाला सरकारी कागद आला, आणि या वेळी आधी खोकला नव्हता, अंथरुण नव्हतं, एकदम तेच. चांदीचा हात मी नंतर तिच्याकडे घेऊन गेले, तर तिने दार उघडलं नाही. बरोबर केलं तिने. तो अजून माझ्या पेटीत तळाशी आहे.

पण ते नंतरचं. त्या दिवशी तो उतरून गेला तेव्हा मी गच्चीच्या कठड्याशी गेले. खाली गल्लीत झेंड्यांमधून तो चालला होता, उन्हात, टोपी अजून हातातच. मागून डॉन चीचो म्हणत होता, "एर्सीलिया, पीठ ओघळलंय, चल, अजून थोडं ऊन आहे." नाटकातली काळी शाल माझ्या अंगावर होती. मी दोन्ही हात आत घेतले आणि डाव्या हाताने, छातीशी धरून, क्रूस काढला. त्या हाताला सवय नव्हती. वेडावाकडा निघाला, आडवी रेघ आधी आली, मग मी पुन्हा काढला. तो कोपऱ्यावर वळेपर्यंत काढत राहिले. त्याने वर पाहिलं नाही. डॉन चीचोलाही काही दिसलं नाही, तो उन्हाकडे बघत होता.